गाणं दाखवणारी पेटी, दगड वाचणारी पेटी

मिरजेत मुलांना पेटी शिकवणाऱ्या एका वाचक बाईंनी मोठा नेमका प्रश्न पाठवला आहे. इंटरनेटवर जुन्या अमेरिकी जाझची तीन-तीन मिनिटांची कृष्णधवल गाणी बघताना त्यांच्या लक्षात आलं की काही गाण्यांत पियानोवादक खर्जाचे सूर उजव्या हाताला वाजवतो. सगळे गिटारवाले डावखुरे दिसतात. ड्रमवर लिहिलेलं बँडचं नाव वाचायला जावं तर अक्षरं उलटी. ‘हे कुणी गंमत म्हणून केलं आहे की माझ्या फोनचा दोष आहे?’ असं त्या विचारतात.

फोनचा दोष नाही आणि गंमतही नाही. या गाण्यांचं नाव ‘साउंडी’. ती थिएटरसाठी बनलेलीच नव्हती. ती हॉटेलात, बारमध्ये, बसस्थानकावर ठेवलेल्या माणसाहून उंच लाकडी कपाटात दाखवली जात. त्या कपाटाचं नाव पॅनोराम. फटीत १० सेंटचं नाणं टाकलं की कपाटाच्या वरच्या भागातली काच उजळायची आणि एक गाणं दिसायचं, ऐकू यायचं. संपलं की काच पुन्हा अंधारी.

आता उलट्या अक्षरांचं कोडं सोडवू. पडदा जेमतेम दीड-दोन फुटांचा असला तरी त्यावर चित्र एवढं मोठं करायला प्रकाशाला काही अंतर चालावं लागतं. हॉटेलमालक त्यासाठी दहा फूट खोल कपाट ठेवून घेणार नाही. म्हणून प्रोजेक्टर खाली बसवला आणि आरशांनी प्रकाशाची वाट दुमडून वर नेली. चित्र पडायचं घासलेल्या काचेच्या मागच्या बाजूला आणि बघणारा असायचा पुढे. मागून टाकलेलं चित्र पुढून पाहिलं की डावं-उजवं एकदा बदलतं, आणि प्रत्येक आरसा ते आणखी एकदा बदलतो. ही अदलाबदल सम वेळा झाली तर चित्र सुलटं, विषम वेळा झाली तर उलटं. पॅनोराममध्ये हिशोब विषमावर येत होता.

मग फिल्मच उलटी करून का नाही लावली? मला या सगळ्या प्रकरणातला हा बारकावा फार आवडतो. १६ मिलिमीटरच्या बोलक्या फिल्मला एका कडेलाच भोकं असतात. दुसऱ्या कडेवर आवाजाची पट्टी असते. फिल्म पालथी केली की भोकं दातेरी चाकाच्या विरुद्ध बाजूला जातात आणि आवाजाची पट्टी दात्यांखाली येते. म्हणजे चित्र उलटवायचं, पण कडा जागच्या जागी ठेवायच्या. त्याला एकच उपाय: छापतानाच प्रत उलटी छापायची. पुढे पॅनोराम भंगारात गेले, प्रती उरल्या, आणि त्या सरळ टीव्हीवर आणि मग इंटरनेटवर चढल्या. ज्यांनी त्या चढवल्या त्या सगळ्यांनी डावं-उजवं तपासलं नाही. बाईंनी फोनसमोर आरसा धरावा आणि गाणं आरशात बघावं. पियानोवादक लगेच सरळ होईल. ऐंशी वर्षांपूर्वी कपाटातले आरसे नेमकं तेच करत होते.

पॅनोराम बनवणारी मिल्स नॉव्हेल्टी कंपनी शिकागोची. जुगाराची नाण्याची यंत्रं हा तिचा मुख्य धंदा. पण याच कंपनीने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हेन्री सँडेल नावाच्या स्वीडनमध्ये जन्मलेल्या कारागिराकडून एक अजब वस्तू बनवून घेतली होती. नाणं टाकलं की खरंखुरं व्हायोलिन आपोआप वाजवणारं कपाट! विद्युतचुंबकाची बोटं तारांना खालून दाबायची आणि गजाऐवजी सेल्युलॉइडच्या फिरत्या चकत्या तारांवर घासायच्या. सोबतीला त्याच कपाटात पियानो. वाद्य वाजवणारं कपाट ज्यांनी बनवलं, त्यांना गाणं दाखवणारं कपाट सुचावं यात नवल नाही. १९४० मध्ये पॅनोराम लोकांपुढे आला. राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांचे चिरंजीव जेम्स रूझवेल्ट या उद्योगात भागीदार होते, त्यामुळे वर्तमानपत्रांत गाजावाजाही भरपूर झाला.

यंत्राची मर्यादा मात्र मोठी होती. आठ गाणी एका लांब पट्टीवर, टोकाला टोक जोडून. मिनिटाला ३६ फूट या वेगाने तीन मिनिटांची आठ गाणी म्हणजे साडेआठशे फुटांहून जास्त फिल्मचा न संपणारा वेढा. कुणाच्या नाण्याला कुठलं गाणं लागेल ते आधीच्या गिऱ्हाइकाने कुठे सोडलं त्यावर ठरायचं. आवडीचं गाणं बघायचं तर मधल्या सगळ्या गाण्यांचे पैसे भरा. आमच्याकडे इराण्याच्या हॉटेलात ज्यूकबॉक्समध्ये नाणं टाकून हवं ते गाणं लावणाऱ्या पिढीला हे पटणं कठीणच. पॅनोरामचं सगळ्यात दुबळं अंग हेच, असं माझं मत आहे. पुढे फ्रान्समध्ये ते ज्यांनी दुरुस्त केलं त्यांच्याकडे आपण येऊच.

१९४६ पर्यंत १,८०० हून जास्त साउंडी निघाल्या. त्यांतल्या पुष्कळशा आज बघवत नाहीत. घाईत, स्वस्तात, एकाच दिवाणखान्याच्या सेटवर उरकलेल्या आहेत. पण ज्या चांगल्या आहेत त्या अमोल आहेत. ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी, फॅट्स वॉलर, कॅब कॅलोवे, लुई जॉर्डन, नॅट किंग कोल, डोरोथी डँड्रिज ही माणसं ऐन उमेदीत कशी वाजवत, गात, हसत होती ते त्यांत दिसतं. सिस्टर रोझेटा थार्प यांचं भजनी गाणं आणि त्यांचा खणखणीत आवाज १९४१ च्या साउंडींनी टिपला. त्या काळी हॉलिवूडच्या मोठ्या चित्रपटांत कृष्णवर्णीय कलाकारांचं गाणं कथेपासून अलग ठेवत, कारण दक्षिणेकडच्या राज्यांत प्रत दाखवताना तेवढा तुकडा कापता यावा. साउंडीत कापायला दुसरं काही नव्हतंच. तीन मिनिटं होती आणि ती सगळी त्यांची होती. या साउंडींतही वंशद्वेषाने भरलेली सोंगं आहेत, ती बघताना मन विटतं. तरीही त्या काळातल्या कृष्णवर्णीय संगीताचा चालता-बोलता पुरावा एवढ्या संख्येने दुसरीकडे कुठे उरला असेल असं मला वाटत नाही.

आता फिल्मच्या आतल्या एका गोष्टीजवळ थोडं थांबू या, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे.

चित्रपटाची पट्टी प्रोजेक्टरच्या खिडकीसमोरून सरळ वाहत नाही. ती सेकंदाला २४ वेळा थांबते आणि २४ वेळा पुढे सरकते. थांबली नाही तर चित्र फरफटेल. पण आवाजाचं नेमकं उलटं आहे. आवाजाची पट्टी वाचणाऱ्या जागेपुढून फिल्म एकसारखी, तसूभरही न अडखळता वाहायला हवी. सेकंदाला २४ धक्के बसले तर गाण्याची घरघर होईल. एकच पट्टी एका जागी धक्के खात आणि दुसऱ्या जागी संथ कशी चालवायची?

डोक्यावर भरलेली घागर घेऊन विहिरीवरून येणारी बाई आठवा. वाट खडकाळ, पाऊल उचललं जातं, टेकतं, पुन्हा उचललं जातं. पावलागणिक धक्का आहे. पण घागरीतलं पाणी हिंदकळत नाही. गुडघे, कंबर, मान हे सगळे सांधे मधल्यामध्ये धक्का गिळत जातात. प्रोजेक्टरमध्ये खिडकी म्हणजे पावलं आणि आवाज वाचणारं ढोलकं म्हणजे घागर. मधे फिल्मचा सैल वळसा सोडलेला असतो, तो गुडघ्याचं काम करतो. ढोलक्याला जोडलेलं जड चाक उरलासुरला धक्का पोटात घेतं. त्यामुळे चित्र आणि त्याचा आवाज फिल्मवर एकाच जागी छापून चालत नाही. १६ मिलिमीटरच्या फिल्मवर प्रकाशाने वाचायचा आवाज त्याच्या चित्राच्या २६ चौकटी पुढे असतो. गायिकेचे ओठ खिडकीत हलतात तेव्हा तिचा त्याच क्षणाचा सूर वीसेक सेंटिमीटर पुढे, ढोलक्यावर असतो.

जाता जाता एक सांगायला हवं. साउंडीत गाणं आधी ध्वनिमुद्रित होत असे आणि चित्रीकरणाच्या वेळी कलावंत त्याबरहुकूम ओठ आणि बोटं हलवत. आपल्याला यात काहीच नवं वाटणार नाही. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये नितीन बोस यांनी ‘धूप छाँव’ साठी १९३५ मध्येच ही रीत वापरली होती. म्हणूनच साउंडींचा उल्लेख ‘जगातला पहिला म्युझिक व्हिडिओ’ असा होतो तेव्हा मला राग येतो. फ्रान्समध्ये गोमाँ कंपनीसाठी ॲलिस गी यांनी १९०५ च्या आसपास गायकांना तबकडीच्या तालावर ओठ हलवायला लावून एका गाण्याच्या कितीतरी फिल्म काढल्या. जगातल्या पहिल्या स्त्री दिग्दर्शिकेचं काम असं सहज पुसून ‘पहिला’ हा मान पस्तीस वर्षांनंतरच्या यंत्राला द्यायचा, हे इतिहास न वाचण्याचं लक्षण आहे. साउंडीचं मोठेपण पहिलेपणात नाही. गाणं ही चित्रपटातून सुटी काढून विकता येणारी वस्तू आहे, हे तिने नाण्याच्या हिशोबात सिद्ध केलं. आपल्याकडे दूरदर्शनवर ‘छायागीत’ बघायला शेजारच्यांच्या घरात गर्दी करणाऱ्यांना वेगळं काही नको होतं.

दुसऱ्या महायुद्धात कच्च्या मालावर निर्बंध आले आणि नवे पॅनोराम बनणं थांबलं. युद्धानंतर टीव्ही आला. साउंडी संपल्या.

कल्पना मात्र संपली नाही, आणि पुढचं पाऊल युरोपात पडलं. १९५९ मध्ये इटलीत सिनेबॉक्स आला आणि १९६० मध्ये फ्रान्समध्ये स्कोपिटोन. दोन्हींत रंगीत फिल्म होती, आणि दोन्हींत गाणं निवडता यायचं. स्कोपिटोनमध्ये ३६ गाण्यांची ३६ वेगवेगळी रिळं एका फिरत्या चक्रावर बसवलेली. बटण दाबलं की चक्र फिरून हवं ते रीळ समोर आणणार, फिल्मचं टोक आपोआप प्रोजेक्टरमध्ये ओवलं जाणार, गाणं संपलं की फिल्म आपोआप गुंडाळली जाऊन रीळ जागेवर. ज्याने कधी शाळेच्या किंवा फिल्म सोसायटीच्या प्रोजेक्टरमध्ये १६ मिलिमीटरची पट्टी हाताने ओवली असेल त्याला यातला अवघडपणा कळेल. वळसा थोडा आखूड राहिला तरी भोकं फाटतात. इथे हे काम हॉटेलच्या कोपऱ्यात, धुरात, तेलकट हवेत, देखरेखीशिवाय, दिवसातून शेकडो वेळा बिनचूक व्हायचं होतं.

आवाजही बदलला. स्कोपिटोनने फिल्मच्या कडेवर टेपरेकॉर्डरसारखा चुंबकीय पट्टा चढवला. इथे एक सुंदर योगायोग आहे. १६ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चौकटींच्या चालीने सेकंदाला १८.३ सेंटिमीटर सरकते. त्या काळच्या चांगल्या घरगुती टेपरेकॉर्डरचा वेग होता १९ सेंटिमीटर. जवळजवळ तोच! म्हणजे गाण्याच्या पेटीला फुकटात उत्तम टेपरेकॉर्डरचा वेग मिळाला होता. आता भागाकार करू. सेकंदाला १०,००० कंपनांचा सूर, म्हणजे झांजेचा वरचा झणत्कार, १८.३ सेंटिमीटरमध्ये बसवायचा तर एका कंपनाच्या वाट्याला येतात १८ मायक्रॉन. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉन जाड असतो. केसाच्या चौथ्या हिश्श्यात एक पूर्ण लाट, आणि ती वाचणाऱ्या डोक्यातली फट त्याहून कितीतरी अरुंद. चित्राकडेही असंच. १६ मिलिमीटरची चौकट जेमतेम १० मिलिमीटर रुंद, आणि २६ इंची पडद्यावर ती पन्नासपटीहून जास्त फुगते. दर वेळी चौकट २० मायक्रॉन इकडे-तिकडे थांबली तर पडद्यावर चित्र एक मिलिमीटर थरथरणार. मद्याच्या पेल्याशेजारी उभ्या असलेल्या त्या रंगीत कपाटाचा संसार असा मायक्रॉनमध्ये चालला होता.

त्यावरची गाणी? देदी डेव्हिस-बॉये या निर्मातीने त्यांतली शेकडो काढली, इतकी की लोक त्यांना ‘मामी स्कोपिटोन’ म्हणू लागले. क्लोद ललूश हे पुढे ‘अ मॅन अँड अ वुमन’ या चित्रपटामुळे जगभर गाजलेले दिग्दर्शक. त्यांचा हात याच तीन-तीन मिनिटांच्या गाण्यांवर बसला. फ्रान्स्वाज आर्दी यांचं १९६२ चं गाजलेलं गाणं त्यांनी जत्रेतल्या पाळण्यांवर चित्रित केलं, ते आजही ताजं वाटतं. अमेरिकेत गेल्यावर स्कोपिटोन भडक झाला. सुझन सोंटॅग यांनी १९६४ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात भडकपणाच्या नमुन्यांत त्याची नोंद केली आहे. तिथे तो फार टिकला नाही. फ्रान्समध्ये मात्र त्याला शेवटची काही वर्षं वेगळेच प्रेक्षक मिळाले. अल्जीरिया, मोरोक्को, ट्युनिशियाहून कारखान्यांत राबायला आलेले एकटे पुरुष संध्याकाळी आपल्या लोकांच्या कॅफेत जमायचे. टीव्हीवर त्यांची भाषा नव्हती, त्यांची माणसं नव्हती. मग अरबी आणि कबाइल भाषेतले स्कोपिटोन निघू लागले. घर सोडल्याची, आईची, बोटीची, परत जाण्याच्या राहून गेलेल्या बेताची गाणी. फ्रेंच गिऱ्हाईक पाठ फिरवून गेल्यावर सत्तरच्या दशकात या यंत्रांना या माणसांनी चालू ठेवलं. गिरणगावात गाळ्यात राहून कोकणातल्या घराकडे डोळे लावून बसलेल्या माणसांच्या नातवंडांना या कॅफेतल्या संध्याकाळी मुद्दाम समजावून सांगायला नकोत.

आणि आता मी ज्यासाठी हा लेख लिहायला बसलो तिथे येतो.

सिनेबॉक्स बनवणारी रोमची कंपनी ओएमआय. तिचं खरं काम हवाई छायाचित्रांवरून नकाशे काढणारी सूक्ष्म उपकरणं बनवणं. स्कोपिटोन बनवणारी पॅरिसजवळच्या कुर्बव्वा इथली कंपनी कामेका. हे नाव आद्याक्षरांचं आहे आणि ते पूर्ण वाचलं की दचकायला होतं: सिनेमा आणि अणुविज्ञान यांसाठी यांत्रिक आणि इलेक्ट्रॉनिक उपकरणं बनवणारी कंपनी. सिनेमा आणि अणू, एका पाटीवर! १९२९ मध्ये ही कंपनी ‘रेडिओ-सिनेमा’ या नावाने थिएटरसाठी बोलके प्रोजेक्टर बनवायला निघाली होती. नवं नाव १९५४ चं. या पाटीवरचा ‘अणू’ जिथून आला ते रेमों कास्तँ हे नाव मराठीत मी फारसं कुठे वाचलेलं नाही.

कास्तँ यांचा जन्म १९२१ चा. युद्धानंतर ते फ्रान्सच्या हवाई संशोधन संस्थेत रुजू झाले. त्यांचे मार्गदर्शक आंद्रे गिन्ये हे क्ष-किरणांनी मिश्रधातूंची रचना शोधणारे मोठे शास्त्रज्ञ. मिश्रधातूत ठिकठिकाणी बारीक कण तयार होतात. ते कशाचे बनलेले आहेत हे कळल्याशिवाय धातू कुठे कणखर होतो, कुठे ठिसूळ, ते कळत नाही. आणि त्या काळी रासायनिक पृथक्करण करायचं म्हणजे तुकडा आम्लात विरघळवायचा.

वाटीभर चिवडा घ्या. मिक्सरमधून काढा आणि त्या पिठाचं पृथक्करण करा. मीठ इतकं, साखर इतकी, तेल इतकं, सगळं चोख कळेल. पण खोबऱ्याच्या कापाला मीठ लागलं होतं का, साखर शेंगदाण्यावर होती की पोह्यावर, मिरचीचा तुकडा कढीपत्त्याला चिकटला होता का, हे कायमचं गेलं. चिवड्याची चव ज्यात आहे तेवढंच नेमकं गेलं. दगडाचं आणि धातूचंही तसंच. आपल्याकडे शितावरून भाताची परीक्षा करतात, कारण भातात सगळी शितं सारखी. चिवड्यात आणि दगडात प्रत्येक दाण्याची परीक्षा वेगळी करावी लागते, तीही दाणा जागेवरून न हलवता.

कास्तँ यांनी इलेक्ट्रॉनचा झोत भिंगांनी बारीक करत करत एका मायक्रॉनच्या आसपास आणला आणि तो नमुन्याच्या एका बिंदूवर टाकला. इलेक्ट्रॉन अणूच्या आतल्या कक्षेतला इलेक्ट्रॉन उडवतात, ती जागा भरताना अणू क्ष-किरण सोडतो, आणि त्या किरणाची तरंगलांबी त्या मूलद्रव्याची स्वतःची असते. लोखंडाची वेगळी, टायटॅनियमची वेगळी. हे नातं हेन्री मोझली यांनी १९१३ मध्ये शोधून काढलं होतं. दोन वर्षांनी, अवघ्या सत्ताविसाव्या वर्षी, ते गॅलिपोलीच्या लढाईत मारले गेले. मोझली यांनी दिलेली अणूची सही कास्तँ यांनी दाण्यादाण्यावर वाचून दाखवली. केवळ ‘लोखंड आहे’ एवढंच न सांगता किती टक्के आहे तेही सांगता यावं, म्हणून किरण नमुन्यातच किती शोषले जातात, किती नव्याने उमटतात याचं गणित त्यांनी बसवलं. हे सगळं त्यांच्या १९५१ च्या प्रबंधात आहे. एका विद्यार्थ्याच्या प्रबंधातून एवढी मोठी विद्याशाखा निघाल्याची उदाहरणं विज्ञानात फार थोडी आहेत. त्यांना १९७५ मध्ये फ्रान्सच्या राष्ट्रीय संशोधन संस्थेचं सुवर्णपदक मिळालं. नोबेल मिळालं नाही. मला विचाराल तर ते मिळायला हवं होतं.

प्रबंधातलं उपकरण प्रयोगशाळेतल्या चार भिंतींत चालतं. ते जगातल्या कुठल्याही खोलीत, कुणाच्याही हातात चालावं म्हणून कारखाना लागतो. कामेकाने १९५८ मध्ये कास्तँ यांचं यंत्र, म्हणजे इलेक्ट्रॉन प्रोब, एमएस ८५ या नावाने विकायला काढलं. दोन वर्षांनी त्याच कंपनीने स्कोपिटोन काढला. या दोन वस्तू एका छपराखाली निघाल्या याचं लोकांना हसू येतं. मला त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही. इलेक्ट्रॉन प्रोबमध्ये क्ष-किरण वेगळे करायला वक्र स्फटिक असतो. नमुना, स्फटिक आणि किरण मोजणारा डोळा हे तिघं सतत एकाच काल्पनिक वर्तुळावर राहिले तरच मोजणी खरी. तरंगलांबी बदलायची तर स्फटिक सरकणार, तिरपा होणार, डोळा त्याच्यामागे वळणाची वाट धरून जाणार, आणि वर्तुळ मोडता कामा नये. हे काम दांडे, स्क्रू, पट्ट्या आणि घासून नितळ केलेल्या खाचांचं आहे. नमुन्यावर झोत नेमका कुठे पडतो ते डोळ्यांनी दिसावं म्हणून या घराण्याच्या यंत्रांत मधे भोक असलेले आरसे बसवले. भोकातून इलेक्ट्रॉन खाली जातात आणि आरशावरून प्रकाश बघणाऱ्याच्या डोळ्यात येतो. चौकट वीस मायक्रॉनच्या आत थांबवणारे, पट्टी तसूभर न हिंदकळता वाहू देणारे आणि दुमडलेल्या प्रकाशाची वाट सांभाळणारे कारागीर ज्या कारखान्यात तीस वर्षं तयार झाले, तिथे हे यंत्र बनलं. सिद्धान्त मांडणाऱ्यांची चरित्रं लिहिली जातात. खाच घासून नितळ करणाऱ्यांची कुणी लिहीत नाही. विज्ञानाचा इतिहास यामुळे अर्धाच राहतो.

या जातीच्या यंत्रांनी पुढे काय केलं ते थोडक्यात सांगता येणार नाही, म्हणून दोन-तीन गोष्टीच सांगतो. १९६९ मध्ये अपोलो ११ चे दगड आले. त्यांतलं एक खनिज पृथ्वीवर कुणी पाहिलं नव्हतं; त्याला आर्मस्ट्राँग, ऑल्ड्रिन, कॉलिन्स यांच्या नावांची आद्याक्षरं जोडून आर्मालकोलाइट म्हटलं. त्या बारीक दाण्यांत मॅग्नेशियम, लोह, टायटॅनियम किती हे इलेक्ट्रॉन प्रोबशिवाय कळलंच नसतं. आपल्या पवईच्या आयआयटीत भूविज्ञान विभागात कामेकाचंच एसएक्स फाइव्ह हे इलेक्ट्रॉन प्रोब आहे. सह्याद्रीचा काळा दगड, ज्याच्या जात्यावर आणि पाट्यावर आपल्या कैक पिढ्या जेवल्या, त्याची कागदासारखी पातळ, झिलई केलेली चकती त्यात ठेवतात आणि साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्यात आधी कुठलं खनिज गोठलं, नंतर कुठलं, हे दाण्याच्या मधल्या भागापासून कडेपर्यंत बिंदू-बिंदूने वाचतात.

कास्तँ एवढ्यावर थांबले नाहीत. त्यांचे विद्यार्थी जॉर्ज स्लोद्झियाँ यांच्याबरोबर १९६२ मध्ये त्यांनी दुसरी युक्ती प्रसिद्ध केली. इलेक्ट्रॉनऐवजी आयनांचा झोत टाकायचा. तो नमुन्याच्या पृष्ठभागावरून अणू खरवडून उडवतो, आणि उडालेले अणू चुंबकातून वळवून वजनाप्रमाणे निवडायचे. यात मूलद्रव्य तर कळतंच, त्याचा समस्थानिकही कळतो. हे यंत्रही कामेकाने १९६८ मध्ये बाजारात आणलं, म्हणजे पॅरिसच्या कॅफेत स्कोपिटोन अजून वाजत होते तेव्हा. स्लोद्झियाँ यांनीच पुढे आखलेल्या नॅनोसिम्स या वंशजाने उल्कापाषाणांत सूर्याच्याही आधीच्या ताऱ्यांची धूळ शोधून काढली आहे.

आयनांच्या झोताचं असं एक यंत्र, म्हणजे आयन प्रोब, कामेकाचंच आयएमएस ४एफ, अहमदाबादच्या भौतिक संशोधन प्रयोगशाळेत आलं. चांद्रयान-१ चे प्रमुख शास्त्रज्ञ म्हणून ज्यांना आपण ओळखतो ते जितेंद्रनाथ गोस्वामी तिथे या यंत्रावर उल्कापाषाण वाचत. २० जून १९९६ रोजी राजस्थानात पाली जिल्ह्यातल्या पिपलिया कलाँ इथे एक दगड आकाशातून पडला. तो साधा दगड नव्हता. एखाद्या लघुग्रहाचा वितळून पुन्हा गोठलेला थर होता. एवढासा लघुग्रह वितळला कशाने? हॅरॉल्ड यूरी यांनी १९५५ मध्ये अंदाज बांधला होता की ॲल्युमिनियम-२६ या किरणोत्सारी समस्थानिकाच्या उष्णतेने. पण त्याचा अर्धायुकाळ सात लाख वर्षांच्या आसपास. साडेचारशे कोटी वर्षांत तो कधीच संपला. मागे राहतं फक्त त्याचं अपत्य, मॅग्नेशियम-२६. गोस्वामी आणि त्यांचे सहकारी जी. श्रीनिवासन, नरेंद्र भंडारी यांनी या दगडातले ॲल्युमिनियम भरपूर आणि मॅग्नेशियम नगण्य असलेले फेल्डस्पारचे दाणे निवडले, त्यांच्यावर झोत धरला आणि मॅग्नेशियमचे अणू वजनाप्रमाणे मोजले. मॅग्नेशियम-२६ असायला हवं त्यापेक्षा जास्त होतं, आणि जिथे ॲल्युमिनियम अधिक तिथे ते अधिक होतं. दगड वितळून गोठला तेव्हा ॲल्युमिनियम-२६ त्यात जिवंत होतं. १९९९ मध्ये हा निष्कर्ष ‘सायन्स’ नियतकालिकात छापून आला: तो लघुग्रह सूर्यमालेच्या जन्मानंतर काही दशलक्ष वर्षांच्या आतच वितळला होता.